गाडीच्या एसीत कोणता गॅस? ‘कुठलाही चालतो’ हे उत्तर का चालत नाही

ज्यांना हा भाग ऐकायला वेळ मिळाला नाही त्यांच्यासाठी हे शब्दांकन. बोलताना जिथे अडखळलो ते काढून टाकलंय, बाकी भाषा बोलण्याचीच ठेवली आहे.

मार्च संपत आला की तुमच्या निरोपांमध्ये एसीचे प्रश्न वाढतात. यंदा एकच प्रश्न वेगवेगळ्या शब्दांत बऱ्याच जणांनी विचारलाय. गोषवारा असा: “गाडीचं कूलिंग कमी झालंय. गॅरेजवाले म्हणतात गॅस कमी आहे, टॉप-अप करून देतो. कोणता गॅस भरणार विचारलं तर म्हणतात, साहेब, गॅस तो गॅस, सगळ्या गाड्यांना तोच चालतो. खरं आहे का हे?”

थोडक्यात उत्तर, नाही. पण हे ‘नाही’ नीट समजून घ्यायला हवं. कारण गंमत अशी की चुकीचा गॅस भरला तरी गाडी बऱ्याचदा थंड होते. त्याच दिवशी, त्याच गॅरेजच्या दारात, मस्त थंड होते. तुम्ही खूश, मेकॅनिक खूश. बिल येतं ते काही महिन्यांनी, आणि तेव्हा ते गॅसचं नसतं, कॉम्प्रेसरचं असतं. म्हणून आजच्या भागाचं एक वाक्य आत्ताच सांगतो: गाडी थंड झाली म्हणजे गॅस जुळला, असं नाही.

गॅस ‘संपतो’ म्हणजे काय?

आधी एक गैरसमज. एसीचा गॅस पेट्रोलसारखा जळत नाही, इंजिन ऑइलसारखा जुना होऊन बदलावाही लागत नाही. तो एका बंद चक्रात फिरतो. कॉम्प्रेसर त्याला दाबतो, त्यामुळे तो तापतो. पुढे रेडिएटरसमोरच्या कंडेन्सरमध्ये तो आपली उष्णता बाहेरच्या हवेला देतो आणि द्रव होतो. मग एक्स्पान्शन व्हॉल्व्हच्या बारीक तोंडातून जाताना त्याचा दाब एकदम पडतो, आणि डॅशबोर्डच्या आतल्या कूलिंग कॉइलमध्ये तो उकळायला लागतो. उकळायला उष्णता लागते. ती तो केबिनच्या हवेतून ओढून घेतो. झाली हवा थंड. पुन्हा कॉम्प्रेसर, पुन्हा तेच.

रबरी पाइपांतून वर्षानुवर्षांत थोडा गॅस झिरपतो, ते मान्य. पण दर उन्हाळ्यात ‘गॅस कमी’ होत असेल, तर कुठेतरी लीकेज आहे. लीकेज न शोधता नुसता गॅस भरणं म्हणजे फुटक्या माठात पाणी ओतणं.

आता या चक्रात गॅस एकटा फिरत नाही. त्याच्याबरोबर कॉम्प्रेसरचं ऑइल फिरतं. वाटेत रबराच्या ओ-रिंगा आहेत, रबरी होज आहेत, ओलावा शोषणारा ड्रायर आहे. आणि हे सगळं एका ठरावीक दाबासाठी बनवलेलं आहे. म्हणजे गॅस, ऑइल, रबर, ड्रायर आणि दाब या पाच गोष्टींची पत्रिका जुळावी लागते. त्यातली एकच बदलली की बाकीच्या चार कुरकुर करायला लागतात.

आर-१२ ते आर-१३४ए: एका बदलातून शिकण्यासारखं बरंच

हे समजायला सगळ्यात चांगलं उदाहरण म्हणजे नव्वदच्या दशकातला मोठा बदल. त्याआधी जगभरच्या गाड्यांत आर-१२ असायचा. जुने मेकॅनिक त्याला अजून ‘फ्रिऑन’च म्हणतात. ऐंशीच्या दशकातली एसीवाली मारुती ८०० ज्यांच्या घरी होती, त्यांनी याच गॅसची थंड हवा खाल्ली आहे. गॅस गुणी होता. पेटत नाही, फारसा विषारी नाही, धातूला त्रास देत नाही. पण त्यात क्लोरीन होतं. १९७४ साली मोलिना आणि रोलंड या दोन शास्त्रज्ञांनी दाखवलं की असे गॅस वातावरणात वर जाऊन ओझोनचा थर खातात. पुढे १९८७ मध्ये माँट्रियल करार झाला. भारत त्यात १९९२ साली सामील झाला, आणि २०१० पर्यंत आपल्यासारख्या विकसनशील देशांनीही या जातीचे गॅस बनवणं बंद करायचं ठरलं होतं.

गाड्यांसाठी पर्याय आला आर-१३४ए. बोलताना आपण ‘एकशे चौतीस’ म्हणतो तोच. यात क्लोरीन नाही, त्यामुळे ओझोनला धोका नाही. हवेच्या दाबाला आर-१२ उणे ३० अंशांच्या आसपास उकळतो, आर-१३४ए उणे २६ला. म्हणजे स्वभाव जवळजवळ सारखा. मग जुना गॅस काढला आणि नवा भरला, एवढंच का नाही करता आलं? एकेक बघू.

ऑइल. आर-१२ बरोबर मिनरल ऑइल चालायचं. दोघं एकमेकांत छान विरघळायचे, त्यामुळे गॅस जिथे जाईल तिथे ऑइल जायचं आणि फिरून कॉम्प्रेसरला परत यायचं. आर-१३४ए मध्ये मिनरल ऑइल विरघळतच नाही. ते कूलिंग कॉइलच्या तळाशी, पाइपांच्या वळणांवर साचून बसतं. गॅस फिरत राहतो, गाडी थंड होत राहते, आणि कॉम्प्रेसर मात्र कोरडा पडत जातो. मग एक दिवस खरखर, आणि जाम. म्हणून आर-१३४ए साठी पीएजी नावाचं कृत्रिम ऑइल आलं. तेही एक नाही. ४६, १००, १५० अशा वेगवेगळ्या जाडीचं येतं आणि कॉम्प्रेसरनुसार ठरतं. शिवाय पीएजी हवेतला ओलावा भराभर ओढून घेतं. बाटली उघडी ठेवून चहाला जाऊन आलात, तर त्या ऑइलमध्ये पाणी गेलंच म्हणून समजा. पावसाळ्यातल्या कोकणात तर बघायलाच नको.

रबर. जुन्या गाड्यांत साध्या नायट्राइल रबराच्या ओ-रिंगा असायच्या. आर-१३४ए आणि त्याच्या ऑइलसाठी एचएनबीआर नावाचं सुधारित रबर वापरतात. त्या ओ-रिंगा बऱ्याचदा हिरव्या रंगाच्या मिळतात, पण नुसत्या रंगावर जाऊ नका, पाकिटावरचं नाव वाचा. आर-१३४एचा रेणू लहान, म्हणून होजमध्ये आतून नायलॉनचा थर देऊन झिरपणं कमी केलं गेलं.

ड्रायर. यात ओलावा शोषणारे बारीक मणी असतात. आर-१२ च्या काळात एक्सएच-५ जातीचे मणी असायचे. त्यांची छिद्रं एवढी मोठी की आर-१३४ए चे रेणू आत शिरतात आणि मण्यांची वाट लागते. त्यांचा चुरा पुढे जाऊन एक्स्पान्शन व्हॉल्व्हचं तोंड बंद करतो. म्हणून नवीन गॅसला एक्सएच-७ किंवा एक्सएच-९ जातीचे, लहान छिद्रांचे मणी आले.

दाब. थंड बाजूला दोघांचा दाब सारखाच. पण कंडेन्सर तापला की आर-१३४ए जास्त जोर करतो. कंडेन्सरमधला गॅस ६० अंशांवर असताना आर-१२ चा दाब साधारण २०५ पीएसआय भरतो, तर आर-१३४ए चा २३० च्या आसपास. फरक छोटा वाटतो. पण चंद्रपूरच्या मे महिन्यात, सिग्नलला उभ्या असलेल्या गाडीच्या जुन्या कंडेन्सरला तो जाणवतो.

म्हणून जुन्या आर-१२ गाडीत आर-१३४ए भरायचा तर रीतच वेगळी आहे. आधीचा गॅस पूर्ण काढायचा, मिनरल ऑइल जेवढं निघेल तेवढं काढायचं, एस्टर जातीचं ऑइल घालायचं, ड्रायर बदलायचा, जिथे जोड उघडाल तिथल्या ओ-रिंगा बदलायच्या, आणि गॅस मूळ वजनाच्या ८० ते ९० टक्केच भरायचा. एस्टर का, तर आर-१२ चं उरलंसुरलं क्लोरीन पीएजीला बिघडवतं, एस्टर ते बऱ्यापैकी सोसतं. ज्यांनी आपली जुनी गाडी हौसेनं सांभाळली आहे त्यांनी हे लिहूनच ठेवा.

आणि हो, दोन्ही गॅसचे भरण्याचे पोर्ट मुद्दाम वेगळे केले होते. आर-१२ चे आट्यांचे, आर-१३४ए चे खटकन बसणारे. त्यातही हाय साइडचं तोंड १६ मिलिमीटर आणि लो साइडचं १३. होज उलटा लागूच नये, आणि एक गॅस दुसऱ्यात जाऊच नये, हा त्यामागचा विचार. त्यामुळे एखादा मेकॅनिक ‘हे बसत नाहीये, अडॅप्टर लावतो’ म्हणाला, तर तिथेच थांबा आणि का बसत नाहीये ते विचारा.

घरच्या एसीचा गॅस गाडीत?

हा प्रश्नही आला होता, आणि तो बावळट नाही. सिलिंडर तिथेच पडलेला असतो ना! घरच्या एसीत पूर्वी आर-२२ असायचा, आता बऱ्याच ठिकाणी आर-३२ असतो. दाबाचा हिशोब बघा. त्याच ६० अंशांवर आर-२२ जातो ३४० पीएसआयच्या आसपास, आणि आर-३२ तब्बल ५५० वर. गाडीतला प्रेशर स्विच साधारण ४०० ते ४५० पीएसआयच्या दरम्यान कॉम्प्रेसर बंद करतो, कारण त्यापुढे होज आणि जोड यांची खात्री नाही. म्हणजे आर-३२ घातला तर तो स्विच तोडेल, किंवा स्विच बिघडलेला असेल तर पाइप फुटेल. आर-२२ फुटणार नाही कदाचित, पण कॉम्प्रेसरला रोज डोंगर चढायला लावल्यासारखं होईल. त्यात आर-२२ मध्ये क्लोरीन, म्हणजे पीएजी ऑइलशी पुन्हा भांडण. तेव्हा घरचा गॅस घरीच.

स्वस्तातला ‘तसाच’ गॅस

आता थोडं गंभीर. बाजारात प्रोपेन आणि आयसोब्यूटेनचं मिश्रण ‘एकशे चौतीसच्या जागी चालतं’ म्हणून विकलं जातं. चालतं का? खरं सांगायचं तर थंडावा छान देतं. दाब जुळतो, ऑइलशीही फारसं भांडण नाही. अडचण एकच, हा स्वयंपाकाच्या गॅसचा सख्खा भाऊ आहे.

तुम्ही म्हणाल, घरच्या नव्या फ्रिजमध्येही आयसोब्यूटेनच असतो की. बरोबर. पण तिथे तो काही दहा ग्रॅम असतो, यंत्रणा कारखान्यातच कायमची बंद केलेली असते, आणि स्वयंपाकघर मोठं असतं. गाडीत कूलिंग कॉइल डॅशबोर्डच्या आत, म्हणजे तुमच्या तोंडासमोर. केबिन साधारण तीन घनमीटरची. दीडशे ग्रॅम मिश्रण तिथे गळलं, तर हिशोबाने हवेत त्याचं प्रमाण दोन टक्क्यांच्या वर जातं. आणि हे गॅस हवेत दोन टक्क्यांच्या आसपास आले की ठिणगी पुरते. काचा बंद, मुलं मागे झोपलेली, आणि कुणीतरी सिगारेट पेटवतं. मी घाबरवत नाहीये, नुसता गुणाकार करतोय.

याहून वाईट म्हणजे बनावट गॅस. डब्यावर आर-१३४ए, आत भलतंच. यात सगळ्यात घातक आर-४०, म्हणजे मिथाइल क्लोराइड. हा विषारीही आहे आणि पेटणाराही. त्याचा दाब आर-१३४ए च्या इतका जवळचा की गेजवर संशयही येत नाही. पण तो अॅल्युमिनियमशी हळूहळू अभिक्रिया करतो आणि त्यातून असं संयुग बनू शकतं जे हवा लागताच आपोआप पेट घेतं. आणि गाडीच्या एसीत अॅल्युमिनियम कुठे नसतं? कॉम्प्रेसर, कंडेन्सर, कॉइल, सगळीकडे. २०११ साली जहाजांवरच्या रेफ्रिजरेटेड कंटेनरांचे असे स्फोट व्हिएतनाम आणि ब्राझीलमध्ये झाले, आणि त्यांची दुरुस्ती करणारी माणसं गेली. गिऱ्हाईक नव्हे, पाना हातात असलेला माणूस गेला. म्हणून माझे जे मेकॅनिक श्रोते आहेत त्यांना हात जोडून सांगतो, दोनशे रुपये स्वस्त डबा घेताना हे आठवा. गेज गॅसची जात सांगत नाही, फक्त दाब सांगतो. जात सांगायला रेफ्रिजरंट आयडेंटिफायर नावाचं यंत्र लागतं.

नवा पाहुणा: आर-१२३४वायएफ

आर-१३४ए ओझोनला सोडतो, पण पृथ्वी तापवतो. वजनाला वजन धरलं तर कार्बन डायऑक्साइडच्या साधारण १,४०० पट. एका गाडीतला ४५० ग्रॅम गॅस हवेत सोडून दिला, तर ते सुमारे ६४० किलो कार्बन डायऑक्साइड सोडल्यासारखं आहे. म्हणजे जवळपास २८० लिटर पेट्रोल जाळल्याइतकं. ‘उरलेला गॅस सोडून देतो’ असं गॅरेजमध्ये ऐकू आलं की हा आकडा आठवा.

म्हणून युरोपीय संघाने २०१७ पासून सगळ्या नव्या गाड्यांत १५० पटीच्या आतलाच गॅस हवा असा नियम केला. अमेरिकेतही बहुतेक नव्या गाड्या आता आर-१२३४वायएफवर आहेत. भारतात विकल्या जाणाऱ्या बहुतेक गाड्यांत अजून आर-१३४एच आहे, पण किगाली दुरुस्ती आपण २०२१ मध्ये मान्य केली आहे आणि २०३२ पासून टप्प्याटप्प्याने कपात सुरू होणार आहे. म्हणजे हा पाहुणा आपल्याकडेही येणारच.

अमेरिका-युरोपातल्या आपल्या श्रोत्यांसाठी खास: नवा गॅस खूप महाग आहे, आणि दोघांचा दाब जवळजवळ सारखा, म्हणून ‘त्यात एकशे चौतीस टाकून देऊ का’ असं कुणीतरी सुचवेल. नको. पोर्ट वेगळे, ऑइलमधली द्रव्यं वेगळी, आणि मिसळलेला गॅस पुढच्या सर्व्हिसला कुठलंही चांगलं गॅरेज आपल्या यंत्रात ओढून घेणार नाही, कारण त्यांचा अख्खा साठा खराब होईल. उलट दिशेनेही नको. आर-१२३४वायएफ थोडा ज्वलनशील आहे, आणि जुनी यंत्रणा तो विचार करून बनवलेली नाही.

इलेक्ट्रिक आणि हायब्रिड गाडीवाल्यांनी इथे कान द्या

या गाड्यांत गॅस बहुधा ओळखीचाच असतो, आर-१३४ए किंवा आर-१२३४वायएफ. फरक ऑइलमध्ये आहे. साध्या गाडीत कॉम्प्रेसर इंजिनच्या पट्ट्यावर फिरतो. इथे तो विजेच्या मोटरवर फिरतो, आणि ती मोटर कॉम्प्रेसरच्या पोटातच, गॅस आणि ऑइलमध्ये बुडालेली असते. काही शे व्होल्टवर चालते. म्हणून बहुतेक ठिकाणी वीज न वाहणारं पीओई ऑइल वापरतात. पीएजीत वीज वाहू शकते. थोडंसं पीएजी आत गेलं तरी मोटरचं इन्सुलेशन कमजोर होतं, गाडीची यंत्रणा वीजगळती ओळखते आणि गाडी फॉल्ट दाखवते.

‘मी कुठे ऑइल टाकलं?’ असं मेकॅनिक म्हणेल. टाकलं नसेलही. पण आधीच्या दहा पेट्रोल गाड्यांचं पीएजी त्याच्या होजमध्ये आणि यंत्रात उरलेलं असतं. किंवा त्याने जो छोटा डबा जोडला त्यात गॅसबरोबर ऑइलही भरलेलं होतं. बऱ्याच इलेक्ट्रिक गाड्यांत हाच एसी बॅटरीही थंड ठेवतो, तेव्हा प्रकरण नुसत्या गारव्याचं राहत नाही. तुमचं गॅरेज ईव्हीसाठी वेगळा होज वापरतं का, की आधी यंत्र धुऊन घेतं, हे आधीच विचारा.

मग गॅरेजमध्ये गेल्यावर काय विचारायचं?

एक. बॉनेट उघडा आणि लेबल शोधा. त्यावर गॅसचं नाव आणि वजन लिहिलेलं असतं, बऱ्याचदा ऑइलचंही. मोबाइलवर फोटो काढून ठेवा.

दोन. ‘टॉप-अप’ऐवजी ‘किती ग्रॅम निघाला आणि किती ग्रॅम भरला’ हे विचारा. नुसता गेज बघून भरलेला गॅस अंदाजपंचे असतो. कमी झाला तर कूलिंग नाही, जास्त झाला तर दाब वाढतो आणि कूलिंग तरीही नाही.

तीन. लीकेज सापडलं का, कुठे सापडलं, आणि भरण्याआधी किमान अर्धा तास व्हॅक्यूम मारला का. व्हॅक्यूममध्ये आतलं पाणी साध्या तापमानालाही उकळून बाहेर येतं. ते आत राहिलं तर आम्ल तयार होतं.

चार. गॅसचा डबा किंवा सिलिंडर डोळ्यांनी बघा. ‘लीक-स्टॉप’ मिसळलेला असेल तर नको म्हणा. तो हवा किंवा ओलावा लागला की घट्ट होतो, आणि व्हॉल्व्हपासून गॅरेजच्या यंत्रापर्यंत काहीही बंद करू शकतो.

पाच. यंत्रणेत आधी कोणी काय भरलं हे माहीत नसेल, सेकंड-हँड गाडी असेल, तर आहे त्यात भर घालू नका. सगळं काढून, व्हॅक्यूम मारून, वजन करून नव्याने भरा. थोडे पैसे जास्त जातील, पण कॉम्प्रेसर वाचेल.

हे विचारलं की काही मेकॅनिक चिडतात. पण जो काम जाणतो तो चिडत नाही, उलट खुलतो आणि तुम्हाला दोन गोष्टी जास्तीच्या सांगतो. माझ्या मते चांगलं गॅरेज ओळखायची याहून सोपी खूण नाही.

असो, आजच्यापुरतं एवढंच. तुमच्या गाडीच्या लेबलवर काय लिहिलंय ते वाचून नक्की कळवा. आणि जाता जाता फुकटचा सल्ला: उन्हात तापलेल्या गाडीत बसलात की आधी दोन मिनिटं काचा खाली करा, गरम हवा बाहेर जाऊ द्या, मग एसी लावा. याला कुठलाच गॅस लागत नाही. भेटू पुढच्या भागात.